घडणावळीचे सोने, बिडाचा दागिना



दागिना घेताना आपला पहिला प्रश्न वजनाचा असतो. मग त्या दिवसाचा भाव, आणि शेवटी घडणावळ. तोच दागिना मोडीत घालायची वेळ आली, तर वजनाचे पैसे हाती येतात आणि घडणावळ बुडते. युरोपातही शतकानुशतके हिशेब असाच चालत आला. फॅशन पालटली की राजघराण्यातले दागिनेसुद्धा मुशीत जात, खडे काढून नव्या कोंदणात बसवले जात. कारागिराचे काम आगीत नाहीसे होई. या हिशेबाबाहेरचा एक दागिना दोनशे वर्षांपूर्वी प्रशिया या जर्मन राज्यात घडला. तो बिडाचा होता. ज्या बिडाचा तवा आपण चुलीवर ठेवतो, तेच हे बीड.

प्रशियाच्या राजाची एक ओतशाळा ग्लाइविट्झ गावी १७९६ साली उभी राहिली होती. ते गाव आज पोलंडमध्ये आहे. दुसरी ओतशाळा १८०४ साली बर्लिनमध्ये निघाली. तिथे जाळ्या, पुतळे, पदके ओतली जात. १८०६ मध्ये नेपोलियनने प्रशियाचा पराभव करून बर्लिन घेतले. १८१० मध्ये लोकांची लाडकी राणी लुइझ अवघ्या चौतिसाव्या वर्षी वारली. त्या शोकाला काळे लोखंड शोभून दिसले. मग १८१३ साली नेपोलियनविरुद्ध लढाई पुन्हा पेटली, आणि राजघराण्यातल्या मारियान या राजकन्येने स्त्रियांना अंगावरचे सोने देशासाठी देण्याचे आवाहन केले. बदल्यात लोखंडी अंगठी मिळे. तिच्यावर ‘लोखंडासाठी मी सोने दिले’ या अर्थाचे शब्द असत. आपल्याकडे १९६२ च्या युद्धात बायकांनी संरक्षण निधीला दागिने दिले. ते ज्यांना आठवते, त्यांना त्या जर्मन बायकांचे मन वेगळे समजावून सांगायला नको. त्या दिवसांत बर्लिनमध्ये सोने घालून मिरवणे लाजिरवाणे वाटू लागले.

आता हे काम जवळून पाहू. बिडाचा एखादा हार हातात घेतला तर वाटते, बारीक तारेची जाळी विणली आहे. द्राक्षाची पाने, वेलीचे आकडे, मध्ये नाण्याएवढे पदक आणि त्यावर एखाद्या ग्रीक देवतेचा चेहरा. पण यातली वेल तारेची नसते, ती ओतलेली असते. बारीक ओल्या वाळूत नमुना दाबायचा, तो अलगद उचलायचा, आणि उरलेल्या केसाएवढ्या वाटांमधून लोखंडाचा रस गोठण्याआधी टोकापर्यंत पोचवायचा. रस पातळ राहावा म्हणून फॉस्फरस जास्त असलेले लोखंड लागे, आणि फॉस्फरसमुळेच ते ठिसूळही होई. सोनाराची सवय इथे चालत नाही. बीड ठोकता येत नाही, वाकवता येत नाही. म्हणून एकेक तुकडा वेगळा ओतून कड्यांनी जोडत, आणि गंजू नये म्हणून वरून काळे रोगण देत. घडवताना चूक सावरून घेण्याची सोय जवळजवळ नाहीच. जे काही साधायचे ते नमुना काढतानाच साधले पाहिजे. माझ्या मते या दागिन्याचे मोठेपण इथेच आहे. धातूला मोल नाही, खडा नाही, डोळे दिपवणारी चकाकी नाही. नक्षी फसली तर हातात नुसते भंगार उरते.

नक्षीही मोठ्या हातांची होती. युद्धाचे लोखंडी क्रॉस पदक ज्याच्या हातून आकाराला आले, तो वास्तुविशारद कार्ल फ्रीडरिश शिंकेल बर्लिनच्या ओतशाळेसाठीही नमुने काढत असे. पुढे ग्रीक देवतांची जागा चर्चच्या टोकदार कमानींनी आणि गोल खिडक्यांनी घेतली. एखाद्या कॅथीड्रलची खिडकी मनगटावर मावावी, असे ते काम. योहान कोनराड गाइस हा बर्लिनमधला नामवंत कारागीर आपल्या दागिन्यांवर स्वतःचे नाव उठवी. सोन्यावर कसाचा शिक्का असतो, इथे करणाऱ्याचे नाव आले. मला हा बदल फार मोठा वाटतो. आणि ज्या पॅरिसविरुद्ध हे लोखंड अंगावर चढले, त्याच पॅरिसच्या बायका ते हौसेने घालू लागल्या. फ्रेंचांनी त्याला ‘बर्लिनचे बीड’ म्हटले आणि स्वतःही ते ओतले.

शतकाच्या मध्यानंतर चव पालटली. सोन्याची हौस पुन्हा वाढली, दक्षिण आफ्रिकेचे हिरे बाजारात आले. बर्लिनची ओतशाळा १८७४ मध्ये बंद झाली.

१९१४ साली पहिले महायुद्ध सुरू झाले, तेव्हा जर्मनीत आणि ऑस्ट्रियात बायकांकडे पुन्हा सोने मागितले गेले, पुन्हा लोखंडी अंगठ्या वाटल्या गेल्या. तेच शब्द, सोबत साल. १८१३ च्या अंगठीच्या मागोमाग एक अख्खी कला बहरली होती. या खेपेला तसे काही झाले नाही. देणाऱ्यांचे मन तेवढेच मोठे होते. त्यांच्यासाठी नक्षी काढायला मात्र कोणी बसले नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते.