भाकरी ग्लुटेन-फ्री, गिरणी नाही

कोणी ट्रान्स-हार्बरला उभ्याने ऐकत असेल, कोणी भांडी घासताना. आजचा विषय खाण्याचा आहे, पण रेसिपीचा नाही. मी ऐरोलीला एका आयटी कंपनीत कोड लिहिते, कोपरखैरण्याला राहते आणि गेली चार वर्षं गहू खात नाही. वजनासाठी नाही, स्किनसाठी नाही, कुठल्या हिरोइनने सांगितलं म्हणून तर अजिबातच नाही. मला सीलिअ‍ॅक आहे.

ग्लुटेन म्हणजे काय, ते आधी पटकन सांगते. गव्हाची कणीक मळली की ती ताणली जाते, तुटत नाही. तो चिवटपणा ज्या प्रथिनामुळे येतो ते ग्लुटेन. गव्हात असतं, जवात म्हणजे आपल्या सातूत असतं, आणि राय नावाच्या धान्यात असतं. (राय, मोहरीची राई नाही. माझ्या मावशीने दोन महिने मला फोडणीत मोहरी घातली नव्हती.) बहुतेक लोकांना ग्लुटेनने काहीही होत नाही. सीलिअ‍ॅक असलेल्यांच्या शरीरात मात्र ग्लुटेन गेलं की त्यांचीच प्रतिकारशक्ती त्यांच्या लहान आतड्यावर हल्ला करते. आतड्याच्या आतून मखमलीसारखे बारीक उंचवटे असतात, अन्न शोषून घेणारे. ते झिजून सपाट होतात. मग तुम्ही खाता भरपूर, पण अंगी लागत नाही.

म्हणून याची लक्षणं पोटातच दिसतील असं नाही. जुलाब, गॅस, पोट फुगणं हे आहेच. पण कित्येकांना फक्त अ‍ॅनिमिया असतो. लहान मुलांची उंची वाढत नाही. हाडं कमजोर होतात. माझं हिमोग्लोबिन दोन वर्षं आठच्या आसपास होतं. लोहाच्या गोळ्या चालू, बीट चालू, खजूर चालू, रिपोर्ट तिथल्या तिथे. एका डॉक्टरांनी सांगितलं, मुलींमध्ये असतंच एवढं. दुसऱ्या डॉक्टरांनी गोळी बदलली नाही, प्रश्न बदलला. लोह जातंय, मग शोषलं का जात नाही? त्यांनी टी-टी-जी नावाची रक्ततपासणी लिहून दिली. ती पॉझिटिव्ह आली, मग एंडोस्कोपी करून आतड्याचा तुकडा तपासला, आणि नाव मिळालं. या आजारावर गोळी नाही. ग्लुटेन बंद, आयुष्यभर, एवढाच उपचार. पण तो लागू पडतो. वर्षभरात माझं हिमोग्लोबिन बारावर आलं.

आता इथे एक गोष्ट नीट ऐका, बाकी विसरलात तरी चालेल. शंका आली म्हणून आधी गहू सोडू नका. ही तपासणी ग्लुटेनला शरीर काय उत्तर देतंय ते मोजते. ग्लुटेनच बंद केलंत तर उत्तर मिळणार नाही, रिपोर्ट नॉर्मल येईल आणि आजार आहे की नाही ते कळणारच नाही. मग पुन्हा कित्येक आठवडे गहू खाऊन तपासणी करावी लागते. इन्स्टावर बघून महिनाभर गहू सोडायचा, बरं वाटलं की स्वतःच स्वतःला सर्टिफिकेट द्यायचं, हा उलटा क्रम आहे. काहींना सीलिअ‍ॅक नसतानाही गव्हाचा त्रास होतो, काहींना गव्हाची अ‍ॅलर्जी असते. ते वेगळे प्रकार, त्यांचं पथ्यही वेगळं.

गव्हाचा संबंध कळला तो डच बालरोगतज्ज्ञ विलेम डिके यांच्यामुळे. त्यांना आधीपासून संशय होताच. १९४४-४५ च्या हिवाळ्यात, दुसऱ्या महायुद्धात, नेदरलँड्समध्ये दुष्काळ पडला, ब्रेड मिळेना. आणि त्या उपासमारीत सीलिअ‍ॅकची मुलं मात्र सुधारताना दिसली. ब्रेड परत आला, मुलं परत आजारी पडली. १९५० मध्ये त्यांनी यावर प्रबंध लिहिला.

आपल्याकडे हा पंजाब-दिल्लीकडचा आजार समजला जातो, आणि त्याला कारण आहे. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात उत्तर भारतात साधारण शंभरात एकाला आणि दक्षिणेत दहा हजारात एकाला सीलिअ‍ॅक सापडला. तिकडे ताटात गहू, इकडे भात. महाराष्ट्र मधोमध. आपण भातही खातो, ज्वारी-बाजरीही खातो, आणि आता घरोघरी रोजची चपातीही आहे. त्यामुळे इथल्या डॉक्टरांना हे पटकन सुचत नाही, आणि आपल्यालाही नाही.

पण हेच मधोमध असणं माझ्या कामाला आलं. सुरुवातीला मी वाशीच्या मॉलमध्ये जाऊन ग्लुटेन-फ्री ब्रेड, ग्लुटेन-फ्री पास्ता, ग्लुटेन-फ्री कुकीज बघितल्या. किंमत नेहमीच्या कितीतरी पट, चव पुठ्ठ्याची. मग शेजारच्या आगरी आजींनी एक दिवस विचारलं, अगं, तुला चपाती चालत नाही ना, मग भाकरी खा की, त्यात काय एवढं? आपली नवी मुंबई उभी आहे तीच मुळी भातशेतीवर आणि मिठागरांवर. १९७० मध्ये सिडको आली, त्याच्या आधीपासून इथल्या आगरी-कोळी घरांत उकड काढून केलेली तांदळाची भाकरी आणि मासळी हेच जेवण. ग्लुटेन शून्य, आणि कोणी त्याला डाएट म्हणत नव्हतं. ज्वारी, बाजरी, नाचणी, वरी, राजगिरा, शिंगाडा, साबुदाणा, सगळं चालतं. घावणे चालतात, उकडीचे मोदक चालतात. एकादशीला तर माझी चैन असते, त्या दिवशी अख्खं घर माझ्यासारखं जेवतं.

मग अडचण काय? अडचण गिरणीत आहे.

तुम्ही दळणाला गेला असाल तर बघा, बायका गिरणीवाल्या काकांना सांगतात, ज्वारीवर ज्वारी टाका हं, डाळीवर नको. कारण आधीच्या दळणाचं पीठ जात्यात राहतं आणि पुढच्याच्या डब्यात येतं, हे सगळ्यांना माहीत आहे. इतरांसाठी तो चवीचा प्रश्न. माझ्यासाठी हिशोब वेगळा. एफ-एस-एस-ए-आयच्या नियमाप्रमाणे किलोला २० मिलिग्रॅमपेक्षा जास्त ग्लुटेन असेल तर त्या पदार्थाला ग्लुटेन-फ्री म्हणता येत नाही. आता गव्हाच्या पिठात ढोबळ दहा टक्के ग्लुटेन धरा. गिरणीत आधीचं मूठभर, समजा ५० ग्रॅम, गव्हाचं पीठ राहिलं आणि ते माझ्या ५ किलो ज्वारीत मिसळलं. म्हणजे ५ ग्रॅम ग्लुटेन पाच किलोत. किलोला १००० मिलिग्रॅम. मर्यादेच्या पन्नास पट! आणि मी मात्र समाधानाने भाकरी खातेय, ज्वारीचीच आहे म्हणून.

म्हणून आम्ही घरघंटी घेतली. एपीएमसीच्या दाणा मार्केटमधून ज्वारी आणि तांदूळ आणायचे, आईने निवडायचे, कारण ज्वारीत गव्हाचे दाणे सापडतात, आणि घरीच दळायचं. त्या घरघंटीत गहू कधीच जात नाही. बाबांच्या चपातीचं पीठ अजून गिरणीतून येतं, वेगळ्या डब्यात, ओट्याच्या दुसऱ्या टोकाला. पोळपाट-लाटणं वेगळं, तवा वेगळा. माझ्या तव्यावर लाल दोरा बांधलाय. पाहुण्यांना वाटतं नवसाचा आहे.

बाकी लपलेला गहू कुठे कुठे असतो? हिंगात. डबीच्या मागे बारीक अक्षरं वाचा, कित्येक हिंगांत गव्हाचं पीठ असतं. काहींत तांदळाचं असतं, ते चालतं. मेतकुटात गहू भाजून घालतात. थालीपिठाच्या भाजणीत बऱ्याच घरी असतो. सोया सॉसमध्ये असतो. कॉर्नफ्लेक्समध्ये माल्ट असतं, ते जवाचं. नाचणी बिस्किटाच्या पाकिटावर नाचणीचा फोटो मोठा आणि आत पहिला घटक मैदा. मल्टिग्रेन आटा म्हणजे बहुतेक वेळा गहूच, सोबत चार पाहुणे.

आणि खपली. हे मुद्दाम सांगते, कारण हे मला दर महिन्याला कोणीतरी फॉरवर्ड करतं. सांगली-साताऱ्याकडचा खपली गहू जुना आहे, चवीला छान आहे, त्याची खीर आणि पुरणपोळी उत्तम होते, सगळं मान्य. पण तो गहू आहे. त्यात ग्लुटेन आहे. सीलिअ‍ॅकवाल्याला खपली चालते असं कोणी विकताना सांगत असेल तर तो साफ चुकीचं सांगतोय.

लोकांशी वागणं हा भाग त्यामानाने जास्त दमवतो. ऑफिस कँटीनमध्ये मी इडली घेते, डोसा नाही, कारण त्याच तव्यावर रवा डोसा होतो. टीम लंचला डबा नेते. “एवढंसं खाऊन काय होतंय” हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की त्याची रिंगटोन करता येईल. एवढंसं म्हणजे किती, ते वर सांगितलंच. सगळ्यात अवघड जातं ते प्रसादाला नाही म्हणणं. सत्यनारायणाचा शिरा रव्याचा. हात मागे घेतला की घरातल्या आजींचा चेहरा पडतो, आणि त्यांना आतड्याचे उंचवटे काय समजावणार? आमच्या घरच्या पूजेला आईने भटजींनाच विचारलं. ते म्हणाले, कथेतच सांगितलंय, गव्हाचं नसेल तर तांदळाचं पीठ चालतं. तेव्हापासून आमच्याकडे तांदळाच्या रव्याचा शिरा. सव्वाचं माप तेच, तूप-साखर-केळं तेच. दुसऱ्यांच्या घरी मी प्रसाद हातात घेते, कपाळाला लावते आणि शेजारच्याला देते, मग हात धुते.

यंदा घरी स्थळं बघणं सुरू झालंय. आईची एक मैत्रीण म्हणाली, बायोडाटात हे लिहू नका, लग्नानंतर सांगता येईल. मी लिहिलंय. एका काकूंनी फोनवर विचारलं, मग आमच्या घरात सगळ्यांनी भाकरीच खायची का? नाही हो काकू, तुम्ही चपाती खा, फक्त माझा तवा वेगळा. तिथे पुढे काही झालं नाही. लपवलं असतं तर रोज जेवताना लपवावं लागलं असतं, दिवसातून तीन वेळा.

शेवटचं एक, आणि हे थोडं घरगुती आहे. सीलिअ‍ॅक कुटुंबात चालतो, म्हणून एकाला निघाला की आई-वडील, भाऊ-बहीण, मुलं यांचीही तपासणी करायला सांगतात, त्रास नसला तरी. आईची झाली, नॉर्मल आली. बाबांचीही. राहिला दादा. तो गेली दोन वर्षं थकलोय, थकलोय म्हणतोय, मागच्या महिन्यात त्याचंही हिमोग्लोबिन कमी आलं. तरी लॅबमध्ये जात नाही, कारण पॉझिटिव्ह आली तर वडापाव जाईल. दादा, तू हा एपिसोड ऐकतोयस हे मला माहितीये. वाशीची लॅब रविवारी सकाळी उघडी असते, उपाशीपोटी जायची गरज नाही. आणि टेस्ट होईपर्यंत वडापाव सोडायचा नाही, रोजच्यासारखा खायचा. शनिवारचा माझ्याकडून.