संकलन : काय ठेवावे, काय वगळावे
(हीरक महोत्सवी व्याख्यानमालेतील मुख्याध्यापिकांचे भाषण)



आज मी माहितीपटाच्या संकलकाविषयी बोलणार आहे. कथापटाच्या संकलकाजवळ पटकथेचा आधार असतो. माहितीपटाच्या संकलकापुढे बहुधा असते ते तासन्‌तास चित्रित झालेले, विस्कळीत जीवन. ते सारे पाहायचे, दृश्यांची नोंद करायची आणि कशानंतर काय यावे हे ठरवायचे. मजुराच्या थकलेल्या चेहऱ्यानंतर त्याचे रिकामे ताट दाखवले तर एक अर्थ होतो, मालकाची मेजवानी दाखवली तर दुसरा. चेहरा तोच असतो. म्हणूनच हे काम कात्रीइतकेच विवेकाचेही आहे.

येलिझावेता स्विलोवा यांचा जन्म १९०० साली मॉस्कोत, एका रेल्वे कामगाराच्या घरी झाला. बाराव्या वर्षी त्या चित्रपटाच्या प्रयोगशाळेत फिती स्वच्छ करू लागल्या, निवडू लागल्या. पुढे पती झिगा व्हर्टोव्ह यांच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ या १९२९ च्या मूकपटाचे संकलन त्यांनी केले. या चित्रपटात एका ठिकाणी चालती दृश्ये थबकतात आणि स्विलोवा स्वतः संकलनाच्या मेजाशी बसलेल्या दिसतात. फितीवरचे मुलांचे निश्चल चेहरे क्षणार्धात पुन्हा हसू लागतात. पडद्यामागचे हात तिथे आपल्याला दिसतात.

१९४५ साली मुक्त झालेल्या ऑश्विट्झ छळछावणीत सोव्हिएत छायाचित्रकारांनी टिपलेली दृश्ये त्यांच्याकडे आली. ती पाहणेही असह्य होते. तरी ती जुळवून त्यांनी माहितीपट सिद्ध केला. मान फिरवण्याचा अधिकार संकलकाला नसतो. व्हर्टोव्ह १९५४ मध्ये निवर्तल्यावर त्यांचे लेखन आणि कागदपत्रे स्विलोवा यांनीच जपली.

पालकांना वाटेल, यात पोट भरते का? मार्ग खडतर आहे; परंतु पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट आणि कोलकात्याची सत्यजित राय यांच्या नावाची संस्था, दोन्हीकडे संकलनाचे रीतसर शिक्षण मिळते. त्यासाठी लागतो संयम, भाषेचा कान आणि आवडते दृश्यही सोडून देण्याची तयारी.

शाळेच्या साठ वर्षांचा लघुपट आपले माजी विद्यार्थी तयार करत आहेत. त्यांना माझी एक विनंती आहे. गणेशोत्सव, निकाल, बक्षिसे जरूर ठेवा. पण पहिलीच्या वर्गातली रिकामी बाके वगळू नका. महाराष्ट्राबाहेर मराठी शाळा चालवणे आज किती अवघड झाले आहे, हे ती बाकेच सांगतील. ती दृश्ये गाळली तर लघुपट देखणा होईल, पण खरा होणार नाही. आणि त्या बाकांनंतर कोणते दृश्य यावे, हे केवळ संकलकाने ठरवायचे नाही. ते येत्या जूनमध्ये आपण पालकांनी ठरवायचे आहे.