कुणाच्या बाजूचे?

मागे एकदा एका शाळेच्या सहलीबरोबर जंजिऱ्याला गेलो होतो. मी त्याच किनाऱ्यावरचा, श्रीवर्धनकडचा. 'मुलांना चार गोष्टी सांगा,' म्हणून गुरुजींनी मला सोबत घेतलेलं. राजपुरीहून शिडाच्या होडीत बसलो. अर्ध्या वाटेत एका मुलानं विचारलं, "काका, तुम्ही कुणाच्या बाजूचे? महाराजांच्या, की सिद्दीच्या?" गुरुजींनी माझं नाव सांगितलं होतं, त्यावरूनच त्याला हा प्रश्न पडला असावा. मी म्हटलं, "मी श्रीवर्धनच्या बाजूचा." मुलं हसली. तेवढ्यात होडी किल्ल्याला लागली आणि मी सुटलो. पण ते काही उत्तर नव्हतं. आज नीट उत्तर देऊन बघतो.

किल्ल्याच्या दरवाज्याजवळ दगडात एक पशू कोरलेला आहे. त्याच्या पंज्यांत, तोंडात, शेपटीत हत्ती अडकवलेले दिसतात. लहानानं मोठ्यांना मुठीत धरलं, अशी ती ऐट आहे. किल्ला कुणाला लढून घेता आला नाही, हे खरंच आहे. शिवाजी महाराजांनी समोर पद्मदुर्ग उभारला. 1682 मध्ये संभाजी महाराजांनी खाडीत भराव घालून वाट करायचा प्रयत्न केला. पुढे पेशव्यांची मोहीम झाली. 1736 मध्ये चिमाजीअप्पांबरोबरच्या लढाईत सिद्दी सात मारला गेला, तरी बेट सिद्दींकडेच राहिलं.

हे नुसत्या तटाच्या जोरावर झालं नाही. आफ्रिकेतून आलेले हे हबशी सरदार आधी निजामशाहीचे चाकर होते. 1636 मध्ये निजामशाही संपली, तेव्हा ते विजापूरचे झाले. 1670 च्या सुमारास किल्लेदार फत्तेखान महाराजांशी तह करायला निघाला, तेव्हा त्याच्याच साथीदारांनी त्याला कैद केलं आणि ते मोगलांच्या पदरी गेले. सुरतेच्या महसुलातून तनखा सुरू झाला. पावसाळ्यात त्यांची गलबतं मुंबईच्या बंदरात नांगर टाकायची. इंग्रजांना ते आवडत नसे, पण बादशहाच्या माणसाला नाही कोण म्हणणार?

आता जरा लांब जाऊ या, आर्मेनियाला. काळ्या समुद्राच्या आणि कॅस्पियन समुद्राच्या मधला हा डोंगराळ मुलूख. एका बाजूला तुर्कांची सत्ता, दुसऱ्या बाजूला इराणची, पुढे उत्तरेला रशियाची. 1604 मध्ये इराणच्या शाह अब्बासनं जुल्फा गाव उठवून तिथले व्यापारी इस्फहानला नेले. ते नव्या जुल्फ्यात वसले आणि तिथून सुरतेपर्यंत त्यांचा व्यापार पसरला. त्यांच्याकडे ना किल्ला होता, ना आरमार. हिशेबाच्या वह्या आणि दिल्या शब्दाची पत, एवढंच भांडवल.

1688 मध्ये खोजा फानूस कलंदर या आर्मेनियन व्यापाऱ्यानं लंडनला ईस्ट इंडिया कंपनीशी करार केला. आर्मेनियनांना इंग्रजांच्या बरोबरीनं व्यापाराची सवलत मिळाली. जिथे चाळीस आर्मेनियन राहतील तिथे कंपनी चर्चसाठी जागा देईल, असंही ठरलं. लगेच पुढच्या वर्षी, 1689 मध्ये, सिद्दी याकूतखान मुंबईत उतरला. त्यानं माझगाव घेतलं आणि त्याच कंपनीला फोर्टात कोंडलं. एका लहान समाजानं कंपनीशी कागदावर सलगी केली, दुसऱ्यानं तोफेनं.

दोघांना काय मिळालं? कंपनीनं औरंगजेबाची माफी मागितली, दीड लाख रुपये दंड भरला. बादशहाचा हुकूम सुटला आणि 1690 मध्ये याकूतखानाला जिंकलेली मुंबई सोडून निघावं लागलं. 1759 मध्ये इंग्रजांनी सुरतेचा किल्ला घेतला आणि मोगली आरमाराची सनदही आपल्या नावावर केली. 1870 च्या सुमारास मुरूडला इंग्रज अधिकारी येऊन बसला. तोफ न उडता सत्ता गेली. तट शत्रूला अडवतो, मित्राला कसा अडवणार? 1948 मध्ये संस्थान विलीन झालं.

आर्मेनियाची गतही निराळी नाही. 1828 मध्ये पूर्व आर्मेनिया इराणकडून रशियाकडे गेला. 1915 मध्ये उस्मानी साम्राज्यात लाखो आर्मेनियनांची कत्तल झाली. मोठी राष्ट्रं निषेध करत राहिली. 1991 मध्ये देश स्वतंत्र झाला. 2023 च्या सप्टेंबरात रशियाची शांतिसेना तिथे हजर असताना नागोर्नो-काराबाखमधून लाखभर आर्मेनियन घरंदारं सोडून निघाले. मोठ्याचा आसरा घेतला की त्याच्या सोयीनं जगावं लागतं.

मग राहतं काय? आर्मेनियनांना पाचव्या शतकाच्या सुरुवातीला मेस्रोप माश्तोत्स यांनी स्वतःची लिपी दिली. ती त्यांनी सोडली नाही. जगातलं पहिलं आर्मेनियन नियतकालिक निघालं ते 1794 मध्ये, आपल्या मद्रासला! फोर्टातलं त्यांचं लहानसं चर्च 1796 चं आहे.

आता त्या मुलाचं उत्तर. बाळा, सिद्दीच्या फौजांनी आपल्या किनाऱ्यावरची गावं लुटली, माणसं गुलाम करून नेली. 1727 मध्ये चिपळूणजवळचं परशुरामाचं देऊळ पाडलं. बाळाजी विश्वनाथांना श्रीवर्धन सोडावं लागलं ते सिद्दीमुळे. हे मी झाकत नाही, आणि झाकायचं मला कारणही नाही. नाव सारखं असलं म्हणून अपराध वारशानं येत नाही. आणि हेही ऐकून ठेव: 1679 मध्ये खांदेरीच्या समुद्रात महाराजांच्या आरमाराचा सेनानी होता दौलतखान. समोर इंग्रज आणि सिद्दी. नावावरून बाजू सांगायची तर दौलतखानाला कुठे बसवशील?

माझे वाडवडील कुणाच्याच दरबारात नव्हते. शेत करत होते, होडी वल्हवत होते, ज्याची सत्ता असेल त्याला सारा भरत होते. तुझेही बहुधा तेच करत असतील. लुटीत आणि दुष्काळात ते एकाच बाजूला होते. त्यांच्याकडून मला ना जहागीर मिळाली, ना तलवार. मिळाली ती ही बोली, तिच्यात मी कविता लिहितो. तू होडीत मला प्रश्न विचारलास, तोही तिच्यातच. आपली बाजू तीच. हे मी तुला तेव्हाच सांगायला हवं होतं.

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)