एकाचा दर

सुरत शहरातील लिंबायत, उधना, डिंडोली या भागांत खानदेशातून आलेली अनेक मराठी कुटुंबे राहतात. पुरुष यंत्रमागावर राबतात; कित्येक स्त्रिया घरी बसून साड्यांना खडे व टिकल्या चिकटवितात. या कामाची मजुरी बहुधा मीटरवर किंवा नगावर ठरते. शाळेत जिला एकमान पद्धती म्हणतात, तिच्यावरच या घरांची चूल चालते. तरीही या वस्तीतील मुले महापालिकेच्या मराठी शाळेत शाब्दिक उदाहरण समोर येताच विचारतात, "गुरुजी, गुणायचे की भागायचे?"

हा प्रश्न फार लवकर विचारला जातो. आधी विचारावयाचे ते हे, की 'एक' कशाचा काढावयाचा? समजा, १५ साड्यांची मजुरी १८० रुपये आहे. तर २५ साड्यांची किती? येथे रुपये काढावयाचे आहेत, म्हणून एका साडीचे रुपये हवेत. १८० ला १५ ने भागले की १२ रुपये येतात. १२ ला २५ ने गुणले की ३०० रुपये. एखादा मुलगा उलट १५ ला १८० ने भागतो. त्याला एक-बारांश मिळतो. तो भागाकार चुकीचा नव्हे. ते एका रुपयातले काम आहे. ४८० रुपये मिळविण्यास किती साड्या कराव्या लागतील, असे विचारले असते, तर तोच उपयोगी पडता व उत्तर ४० आले असते. म्हणून प्रत्येक संख्येपुढे तिचे एकक लिहिण्याची सवय मुलांना लावावी.

काही उदाहरणांत मात्र हिशेब उलटा फिरतो. ६ माणसे एक काम १० दिवसांत करतात. तर एका माणसास किती दिवस लागतील? घाईने भागणारा पावणेदोन दिवसांच्या आतले उत्तर देतो. एकट्याला दिवस अधिक लागतील की कमी, एवढे मनाशी विचारले, तरी ६० हे उत्तर सापडते.

हे शास्त्र आपल्याकडे जुने आहे. भास्कराचार्यांच्या बाराव्या शतकातील 'लीलावती'त त्रैराशिक व व्यस्त त्रैराशिक ही दोन्ही आहेत. त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेखात आहे. म्हणजे या मुलांच्या खानदेशातच या गणिताचे एक पीठ होते.

आता शेवटचे उदाहरण. एक व्यापारी १५ साड्यांचे १८० रुपये देतो, दुसरा १८ साड्यांचे २०७. दुसऱ्याची रक्कम मोठी दिसते. परंतु त्याचा दर साडीमागे साडेअकराच रुपये पडतो. प्रत्येक साडीमागे आठ आण्यांचा तोटा! रात्री आईच्या शेजारी बसून सातवीतली मुलगी हा भागाकार करून दाखवील, तेव्हा ते गणित परीक्षेपुरते राहणार नाही. आईच्या कष्टाचे मोल त्या घराला कळेल.