समुद्राची ओढ



'ओढ' हा आपल्या भाषेतला मोठा गोड शब्द आहे. लेकीला माहेरची ओढ असते, वासराला गाईची ओढ असते, आणि घाटावरच्या माणसाला समुद्राची ओढ असते. जन्मात समुद्र न पाहिलेला मुलगा सहलीच्या गाडीतून उतरतो आणि पाणी दिसताच चपला हातात घेऊन कसा धावत सुटतो, हे माझ्या शिक्षकबंधूंनी पुष्कळदा पाहिले असेल. पण किनाऱ्यावरच्या कोळ्याच्या तोंडी हाच शब्द निराळ्या अर्थाने येतो. "आज पाण्याला ओढ आहे," असे तो म्हणाला की त्यात गोडवा नसतो, ताकीद असते. आज मला या दुसऱ्या ओढीविषयी चार शब्द सांगायचे आहेत.

मी घाटावरच्या एका तालुक्याच्या गावी महाविद्यालयात भूगोल शिकवतो. काही वर्षांपूर्वी डिसेंबर महिन्यात आमच्या विद्यार्थ्यांची सहल घेऊन मी दापोलीच्या बाजूला गेलो होतो. दुपारचे साडेतीन वाजले होते. पौर्णिमा होऊन दोन दिवस झाले होते आणि ओहोटी लागली होती. पुळणीच्या एका टोकाला काळ्या खडकाची सोंड समुद्रात गेली होती. तिथे माडाच्या सावलीत एक म्हातारे तांडेल जाळे दुरुस्त करत बसले होते. आम्हाला पाहून ते म्हणाले, "मास्तर, पोरांना त्या खडकाच्या अंगाला जाऊ देऊ नका. तिथं पाणी ओढतं."

मी पाहिले. पुळणीच्या मधोमध लाटा फुटत होत्या, पांढरा फेस उसळत होता. खडकाजवळ मात्र पाणी कसे शांत, सपाट, जरा गडद हिरवे दिसत होते. मला वाटले, म्हातारे उगाच भिवडवतात. जिथे लाट नाही तिथेच मुले सुरक्षित. मी "हो, हो" म्हणालो आणि मुलांना नेमके तिकडेच घेऊन गेलो.

आमच्यात एक शेतकऱ्याचा मुलगा होता. विहिरीत काठावरून सूर मारणारा, पट्टीचा पोहणारा. तो छातीभर पाण्यात गेला, आणि मी दुसऱ्या मुलांकडे बघून पुन्हा मान वळवली तेवढ्यात तो बराच लांब दिसला. तो किनाऱ्याकडे तोंड करून पोहत होता. हात सपासप चालत होते, आणि माणूस मागे मागे जात होता. श्रोतेहो, ते दृश्य मी विसरू शकत नाही. त्याचा जिवलग मित्र सदरा काढून पाण्याकडे धावला. तांडेलकाकांनी त्याचा दंड धरला आणि म्हणाले, "एक गेलाय तेवढा पुरे. दुसरा नको."

मग ते पाण्याच्या कडेला उभे राहिले आणि दोन्ही हातांनी खुणा करत ओरडू लागले, "उताणा पड! उताणा पड!" मुलाला ते ऐकू गेले, की तो दमला म्हणून आपोआप पाठीवर पडला, हे त्यालाही नंतर सांगता आले नाही. पण तो उताणा झाला, आणि पाण्याने त्याला खडकाच्या टोकापलीकडे नेऊन सोडून दिले. तिथे तो तरंगत राहिला. तोवर गावातल्या दोन तरुणांनी होडी ढकलली होती. त्यांनी त्याला वर घेतले.

त्या रात्री त्याच्या वडिलांचा फोन आला. "पोरगं मजेत आहे ना, सर?" मी "हो" म्हणालो. पुढे गावी परतल्यावर त्यांच्या घरी जाऊन मी सगळी हकीकत सांगितली, तो भाग वेगळा. पण त्या रात्री मला "हो" म्हणता आले ते त्या तांडेलांमुळे, माझ्या एम. ए.च्या पदवीमुळे नव्हे.

आता ही ओढ म्हणजे काय, ते पाहू. शेतकरी श्रोत्यांना ते समजायला अवघड नाही. भातखाचरात पावसाचे पाणी सगळीकडून साचते. बांधाला एका जागी मोरी असते. पाणी येते सगळ्या खाचरावर पसरून, पण जाते त्या एकाच मोरीतून, म्हणून तिथे त्याला जोर असतो. समुद्रकाठी असेच घडते. लाटा फुटतात आणि पाणी किनाऱ्याकडे लोटतात. हे लोटलेले पाणी परत गेलेच पाहिजे. पाण्याखाली वाळूचे लांबट उंचवटे असतात, त्यांना आपण दांडे म्हणू. ते बांधासारखे आडवे येतात. मग पाणी किनाऱ्याच्या कडेकडेने सरकत एखाद्या चराशी गोळा होते आणि दोन दांड्यांमधल्या त्या चरातून समुद्राकडे धावते. किंवा खडकाची सोंड असेल तर तिच्या अंगाने बाहेर जाते. हा चर कधी दहा-पंधरा मीटर रुंद असतो, कधी त्याहून अधिक. वाळूतले चर लाटांबरोबर जागा बदलतात. आज जिथे ओढ आहे तिथे महिन्याने ती असेलच असे नाही. खडकाशेजारची ओढ मात्र बहुधा तिथेच सापडते. आपल्या कोकणातल्या पुष्कळ पुळणी दोन डोंगरसोंडांच्या मध्ये वसलेल्या आहेत, म्हणून ही गोष्ट आपण विशेष लक्षात ठेवायला हवी.

आता त्या शांत पाण्याचे कोडे उलगडते. लाट उथळ पाण्यावर फुटते. चर खोल असतो, म्हणून तिथे ती फुटत नाही. फेस नाही, म्हणून जागा सोज्वळ दिसते. दोन्ही बाजूंना पांढरा फेस आणि मध्ये गडद, सपाट पट्टा, ही ओढीची पहिली खूण. गढूळ पाणी, फेसाचे पुंजके, पालापाचोळा समुद्राकडे वाहत जाताना दिसला, तर ती दुसरी खूण. उंचावरून पाच-दहा मिनिटे बघत राहिले की या खुणा दिसतात. पाण्यात उतरल्यावर त्या दिसत नाहीत.

पुष्कळांचा समज असा की समुद्र माणसाला खाली ओढतो. तसे नाही. ही ओढ बाहेर नेते, तळाशी नेत नाही. अमेरिकेतले समुद्रतळाचे अभ्यासक फ्रान्सिस शेपर्ड यांनी १९३६ साली हा घोटाळा दूर करण्यासाठी या प्रवाहाला स्वतंत्र नाव सुचवले. इंग्रजीत आज त्याला रिप करंट म्हणतात, ते नाव त्यांचेच. मग माणूस बुडतो कशाने? तो बुडतो दमून आणि घाबरून. जरा हिशेब करू. ओढीचा वेग सेकंदाला अर्धा मीटर धरला, तर मिनिटात तीस मीटर झाले. साधारण पोहणारा तेवढ्याच वेगाने उलट पोहत असेल तर तो जागच्या जागी राहील, आणि दहा मिनिटांत त्याचे बळ संपेल. लाटा मोठ्या असल्या की हाच वेग सेकंदाला दोन मीटरांवर जाऊ शकतो. जगातला सर्वांत वेगवान पोहणारासुद्धा शंभर मीटरच्या शर्यतीत सेकंदाला दोन मीटरांहून थोडाच पुढे जातो. तिथे तुमची-आमची काय कथा! ऑस्ट्रेलियाचे पंतप्रधान हॅरल्ड होल्ट समुद्रात पोहण्यात तरबेज होते. १७ डिसेंबर १९६७ रोजी ते मेलबर्नजवळच्या शेव्हियट किनाऱ्यावर खवळलेल्या पाण्यात उतरले, ते परत आले नाहीत. त्यांचे शवही मिळाले नाही. म्हणून माझ्या घाटावरच्या तरुण मित्रांना मी सांगतो, विहिरीतल्या पोहण्याचा अभिमान जरूर बाळगा, पण विहीर माणसाला ओढून नेत नाही, हे विसरू नका.

ओहोटीचा आणि या ओढीचा संबंध आहे, पण दोन्ही एक नव्हेत. ओढ भरतीतही असू शकते. मात्र पाणी उतरू लागले की दांडे वर येतात, परतणाऱ्या पाण्याला चराखेरीज वाट उरत नाही, आणि ओढ वाढते. खाडीच्या मुखाशी तर ओहोटीचे पाणी स्वतःच्या जोराने समुद्राकडे जाते. केळशी, अंजर्ले, दाभोळ अशा ठिकाणी खाडी जिथे समुद्राला मिळते, तिथे पोहायला उतरूच नये.

भरती-ओहोटीची वेळ काढण्याचा कोळ्यांचा एक सोपा हिशेब आहे. तो शिक्षकांनी मुलांना अवश्य शिकवावा. तिथीची पाऊणपट करा, तितक्या वाजता भरती. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन. म्हणजे दुपारी तीनच्या सुमारास आणि पहाटे तीनच्या सुमारास पूर्ण भरती. अष्टमीला सहा. पौर्णिमा-अमावास्येला साधारण बारा. भरतीनंतर सुमारे सहा तासांनी पूर्ण ओहोटी. तास-अर्धा तास इकडे-तिकडे होईल, जागेप्रमाणे फरक पडेल, पण सहल केव्हा किनाऱ्यावर न्यावी याचा अंदाज येतो. पौर्णिमा-अमावास्येच्या आसपास उधाणाची भरती असते. पाणी जितके चढते तितकेच उतरते. दुपारी जेवण करून दोन-तीन वाजता मुले पाण्यात धावतात ना, बरोबर त्याच वेळी तेव्हा पाणी ओसरत असते. आणि पावसाळ्यात तर समुद्राकडे लांबूनच पाहावे. ज्या दिवसांत कोळी आपली होडी किनाऱ्यावर ओढून शाकारून ठेवतो, त्या दिवसांत आपण गुडघाभर पाण्यातसुद्धा का जावे?

इतके करूनही कोणी ओढीत सापडला, तर त्याने काय करावे? पहिली गोष्ट, किनाऱ्याकडे सरळ पोहू नये. पाठीवर पडून तरंगावे, श्वास सावरावा. समुद्राचे पाणी खारट, म्हणून गोड्या पाण्याहून जड असते. ते अंग तोलून धरायला मदत करते. एक हात वर करून मदत मागावी. ओढ बहुधा लाटा फुटतात त्या रेषेच्या पलीकडे जाऊन मंदावते. काही वेळा ती गोल फिरून माणसाला पुन्हा उथळ पाण्याकडे आणते. अंगात बळ असेल तर किनाऱ्याला समांतर, आडवे पोहावे, आणि जिथे पांढरा फेस दिसतो तिकडून बाहेर यावे. कारण फेस म्हणजे दांडा, आणि दांडा म्हणजे उथळ पाणी. एका बाजूला जाणे जड वाटले तर दुसऱ्या बाजूने पाहावे.

आणि काठावरच्यांनी? इथेच मोठा घात होतो. एकाला वाचवायला दुसरा, दुसऱ्याला वाचवायला तिसरा उतरतो. माया चांगली, पण रिकाम्या हातांनी पाण्यात उडी घेऊ नका. तरंगणारे काही फेका. जाळ्याचा बोया, फुगवलेली ट्यूब, झाकण घट्ट लावलेला रिकामा कॅन, दोर. गावकऱ्यांना हाक मारा, ११२ क्रमांकावर फोन करा, आणि एकाने बुडणाऱ्यावरची नजर हलवू नये. माणूस बाहेर काढला आणि तो श्वास घेत नसेल, तर त्याला उलटा टांगून फिरवणे, पोट दाबणे यात वेळ दवडू नका. त्याला उताणा ठेवून तोंडाने श्वास द्या आणि छातीच्या मध्यावर जोराने दाब द्या. तीस दाब, दोन श्वास, या क्रमाने मदत येईपर्यंत चालू ठेवा. तो शुद्धीवर आला तरी दवाखान्यात न्याच.

गोव्याच्या किनाऱ्यांवर २००८ सालापासून प्रशिक्षित जीवरक्षकांची व्यवस्था आहे. तिथे लाल-पिवळ्या निशाणांच्या मध्येच उतरावे, आणि लाल निशाण असेल तिथे उतरूच नये. जिथे निशाण नाही आणि जीवरक्षकही नाही, तिथे गावचा कोळी हाच जीवरक्षक.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, १ फेब्रुवारी २०१६ रोजी रायगड जिल्ह्यातल्या मुरूडच्या किनाऱ्यावर पुण्याहून सहलीला आलेल्या डझनाहून अधिक विद्यार्थ्यांचे प्राण गेले. त्या दिवशी कोणाचे काय चुकले, याचा निवाडा करण्याचा माझा अधिकार नाही. मला फक्त एवढेच माहीत आहे की तशीच चूक माझ्या हातून घडली होती, आणि मी केवळ दैवाने वाचलो. म्हणून आता सहल निघण्यापूर्वी मी वर्गात फळ्यावर दांडा आणि चर काढून दाखवतो. मुलांच्या जोड्या लावतो. गुडघ्याच्या वर पाणी येऊ द्यायचे नाही, हा नियम घालतो. एक शिक्षक पाण्यात न उतरता फक्त डोकी मोजत उभा राहतो. आणि किनाऱ्यावर पोचल्यावर सगळ्यांत आधी गावातल्या एखाद्या वडीलधाऱ्या माणसाजवळ जाऊन विचारतो, "काका, आज पाण्याला ओढ कुठे आहे?"

ते हाताने दाखवतात. मी मुलांना दुसरीकडे नेतो. आणि जिथे पाणी सगळ्यांत शांत दिसते, तिथे थोडा वेळ पाहत उभा राहतो.