विजयदुर्गाचा कातळ



देवगड तालुक्यात वाघोटन खाडीच्या मुखाशी जांभ्या दगडाचे एक नाक समुद्रात शिरलेले आहे. त्यावर विजयदुर्ग उभा आहे. जुने नाव घेरिया. शिलाहार राजा दुसरा भोज याने तो बांधला, असे मानले जाते. सन १६५३ च्या सुमारास तो छत्रपती शिवाजी महाराजांच्या ताब्यात आला व त्याची तटबंदी भक्कम झाली. खाडीत आत गलबतांना आसरा आणि बाहेर अथांग समुद्र, ही जागेची खरी ताकद.

पुढे कान्होजी आंग्रे यांच्या काळात १७२० मध्ये इंग्रज आणि १७२४ मध्ये डच चालून आले. दोघेही हात हलवीत परत गेले. मग १७५६ मध्ये असे काय घडले? कातळ तोच, तट तोच, तोफाही होत्या. बिघडले ते घरात. तुळाजी आंग्रे आणि नानासाहेब पेशवे यांचे वैर विकोपास गेले आणि पेशव्यांनी इंग्रजांशी करार केला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसनच्या आरमाराने किल्ल्यावर मारा केला. खाडीत एकमेकांना लागून उभ्या असलेल्या आंग्र्यांच्या गलबतांना आग लागली आणि आरमार जळून गेले. किल्ला पडला. लूट इंग्रजांनी ठेवली. तुळाजी पेशव्यांच्या कैदेतच वारले. किल्ला त्याच वर्षी पेशव्यांकडे आला. पुढे आनंदराव धुळपांनी येथून पेशव्यांचे आरमार सांभाळले. पण आंग्र्यांचा जुना दरारा परत आला नाही. १८१८ मध्ये इंग्रजी अंमल आला.

जवळच गिर्ये येथे श्रीरामेश्वराचे देऊळ आहे. तेथे तुळाजींचे वडील बंधू संभाजी आंग्रे यांची समाधी आहे. ज्या घराण्याने समुद्र राखला, त्याची आठवण गावाने देवाच्या सावलीत जपली. २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा मानले. त्यांत विजयदुर्गही आहे. मान मिळाला, तरी लाटा थांबत नाहीत. तटाची डागडुजी कोणाला तरी करावीच लागते.

जीर्णोद्धाराच्या प्रसंगी एवढेच ध्यानी घ्यावे. विजयदुर्गाचा दगड शत्रूपुढे हटला नाही, भाऊबंदकीपुढे हटला. देऊळही नुसत्या चिऱ्यांवर उभे राहत नाही. कोणी पैसा दिला, कोणी श्रमदान केले, कोणी जुना तंटा गिळला; यांतले शेवटचे दान पावतीपुस्तकात लिहिले जात नाही, पण पायात तेच असते. ते दान यापुढेही चालू राहो, हीच देवाचरणी प्रार्थना.