सद्हेतू आणि संमती



घरातील वडील मंडळी मुलाबाळांच्या हितासाठीच झटत असतात. परंतु हेतू शुद्ध असला म्हणजे फळ गोड येतेच, असे मात्र नाही. डॉक्टर रखमाबाईंचे चरित्र या दृष्टीने मननीय आहे.

रखमाबाईंचा जन्म १८६४ साली मुंबईत झाला. बालपणीच पितृछत्र हरपले. पुढे मातोश्री जयंतीबाईंनी डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी पुनर्विवाह केला. डॉक्टर मोठे विद्वान. ग्रँट मेडिकल कॉलेजात ते वनस्पतिशास्त्र शिकवीत. अशा सुविद्य घरातही रूढीला अनुसरून अकराव्या वर्षी रखमाबाईंचे लग्न झाले. वर दादाजी भिकाजी एकोणीस वर्षांचे व निर्धन. जावयाने सासुरवाडीस राहावे, शिकावे, शहाणे व्हावे, अशी योजना ठरली. मुलगी डोळ्यांसमोर राहील आणि एका होतकरू मुलाचे कल्याण होईल. यात वावगे ते काय?

परंतु वयात आलेल्या त्या तरुणाला शाळेच्या बाकावर बसणे रुचले नाही. तो मामाच्या घरी जाऊन राहिला. इकडे डॉक्टरांनी मुलीला कोवळ्या वयात नांदावयास पाठविण्याचे नाकारले. रखमाबाई घरीच वाचू-शिकू लागल्या. दोघांची मने दोन दिशांना गेली.

१८८४ साली दादाजींनी मुंबई उच्च न्यायालयात फिर्याद लावली. १८८५ साली निकाल रखमाबाईंच्या बाजूने लागला. पुढल्या वर्षी अपिलात तो फिरला. सावत्र असूनही पित्याची माया लावणारे डॉक्टर १८८५ सालीच निवर्तले होते. मार्च १८८७ मध्ये हुकूम झाला : नांदावयास जावे, अन्यथा सहा महिने कैद. रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दर्शविली. अखेर १८८८ साली दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी आपला हक्क सोडला. रखमाबाई विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या. सुरत व राजकोट येथे त्यांनी रुग्णसेवा केली. १८८७ चा तो हुकूम मात्र चरित्रातून पुसला गेला नाही.

चूक कोठे झाली? माया कमी पडली नाही, पैसाही नाही. कमी पडली ती विचारपूस. अकरा वर्षांच्या मुलीला काय विचारावयाचे, असे त्या काळी वाटले. मोठ्या झालेल्या मुलाचेही मन कोणी जाणले नाही.

लग्ने, वाटण्या, मुलांची शिक्षणे यांचे निर्णय आपल्या घरांतही वडीलधारेच बसून करतात. देवाकडे प्रसाद लावताना आपण आधी प्रश्न मांडतो आणि पाकळी पडेपर्यंत हात जोडून थांबतो. पाकळी डावी पडली तरी ती मान्य करतो. तेवढाच धीर मुलांच्या उत्तरासाठीही धरावा, एवढीच प्रार्थना.